अक्षरात आवाज साठतो अशा जगात खारपाणातली विहीर गोड करायची आहे, नियम कसे बसवावेत?

धुरेकरी यांचा प्रश्न:

नमस्कार मंडळी. कादंबरीसाठी एक जग रचतो आहे, जाणकारांचं मत हवं आहे. गाव काल्पनिक, पण जागा खरी: पूर्णेच्या खोऱ्यातला खारपाणपट्टा, दर्यापूर आणि मूर्तिजापूरच्या मधला. वावरात पऱ्हाटी, तूर, हरभरा. विहिरीला पाणी आहे पण खारं, धड पिता येत नाही आणि ओलिताला दिलं तर जमीन बिघडते.

मूळ नियम असा. बोललेला आवाज हवेत विरतो, त्यानं काही घडत नाही. तोच आवाज अक्षरात उतरवला की अक्षर तो धरून ठेवतं. पुढे कुणी ते मोठ्यानं वाचलं की धरलेला आवाज सुटतो आणि ज्या वस्तूवर लिहिलं आहे तिला शब्दाप्रमाणे बदलतो. माठावर ‘थंड’ लिहून वाचलं तर माठ थंड होतो. गावात लिहिण्याचं काम एकाच घराकडे आहे, त्यांना बोरूकर म्हणतात. कथेच्या मध्यावर बोरूकर विहिरीच्या दगडावर ‘गोड पाणी’ कोरतो, आणि पुढची सगळी कथा त्यातून निघायला हवी.

अडलंय ते असं. कुठल्या अक्षराला कोणतं काम द्यावं? लिहायचं कशानं, कशावर? बिघडायचं तर नेमकं काय बिघडेल आणि का? ‘जादू आहे, झालं असंच’ हे उत्तर मला माझ्या वाचकाला द्यायचं नाही. आणि लिहिल्यानं सगळं होत असेल तर सगळं गाव लिहीत का नाही?

मूर्धन्य:

अक्षरांना कामं वाटायला नवा तक्ता करू नका, वर्णमाला तयार आहे. क पासून म पर्यंतची पंचवीस अक्षरं तोंडातल्या जागेप्रमाणे पाच वर्गांत बसवली आहेत: कंठ, तालू, मूर्धा, दात, ओठ. आवाज घशाकडून ओठांकडे येत जातो. वर्गातला क्रमही ठरलेला. पहिलं अघोष अल्पप्राण, दुसरं अघोष महाप्राण, तिसरं घोष अल्पप्राण, चौथं घोष महाप्राण, पाचवं अनुनासिक. कुठलंही अक्षर घ्या, तीन गोष्टी लगेच सांगता येतात: आवाज अडवला कुठं, श्वास किती सुटला, गळा थरथरला की नाही. तपासणं सोपं आहे. तळहात तोंडापुढे धरून आधी ‘क’, मग ‘ख’ म्हणा, ‘ख’ला हवेचा झोत लागतो. बोट गळ्याच्या घाटीवर ठेवून ‘स’ लांबवा, मग ‘म’ लांबवा. थरथर फक्त ‘म’ला येते.

या तिन्ही गोष्टींना तुमच्या जगात काम द्या. जागा म्हणजे खोली: कंठ्य अक्षर वस्तूच्या गाभ्यात शिरतं, ओष्ठ्य वरच्या थरावर थांबतं. प्राण म्हणजे जोर. घोष म्हणजे टिकाऊपणा, अघोष अक्षर एक ठोका देऊन संपतं. अनुनासिकात तोंड बंद असूनही आवाज नाकावाटे चालू राहतो, म्हणून ती अक्षरं बंद जागेत काम करतील, लिंपलेल्या कणगीत किंवा जमिनीखालच्या झऱ्यात. मूर्धन्य वर्ग दगडमातीला द्या. ट, ड, ण म्हणताना जीभ मागे वळून टाळूच्या टणक भागाला लागते, तेव्हा ही वाटणी ओढूनताणून आणल्यासारखी वाटणार नाही. स्वर म्हणजे काळ: ऱ्हस्वाची एक मात्रा, दीर्घाच्या दोन.

आता ‘गोड’ घ्या. ग कंठ्य आणि घोष, गाभ्यात शिरून टिकणारा. ओ दीर्घ. पण ड वर आवाज अडतो आणि शब्द मिटतो, कारण शेवटचा अ आपण लिहितो पण बोलत नाही. असा शब्द एकदा गोड करून थांबेल. विहिरीत रोज नवा झिरपा येतो, तिथं उघड्या स्वरावर संपणारा शब्द हवा. ‘गोडवा’ चालेल.

बिघाड कुठून आणायचा याचंही उत्तर इथंच आहे. लिहिलं एक आणि तोंडातून निघालं दुसरं, अशा जागा मराठीत भरपूर आहेत. च, ज, झ यांचे दोन-दोन उच्चार आहेत आणि अक्षर एकच: आकड्यातला ‘पाच’ दाताजवळचा, रत्नातला ‘पाच’ तालूवरचा, ‘जरा थांब’ मधला जरा वेगळा आणि म्हातारपण या अर्थाचा जरा वेगळा. अनुस्वाराचं एक टिंब ‘गंगा’त ङ, ‘पंचमी’त ञ, ‘घंटा’त ण, ‘संत’मध्ये न, ‘कंबर’मध्ये म होतं, आणि ‘संसार’, ‘सिंह’ यांत चक्क व च्या जवळ जातं. टिंबाचा आवाज पुढच्या अक्षरावर ठरतो. पुढचं अक्षर झिजलं की टिंबाला आवाज उरत नाही, म्हणून दगडावर अनुस्वार कोरू नये हा बोरूकरांचा पहिला नियम असावा. ‘दुःख’ लिहिताना विसर्ग येतो, तोंडातून ‘दुख्ख’ निघतं. ष लिहितो आणि बहुतेक जण श वाचतात. अशा अक्षरांत आवाज भरला जातो, पण रिता होत नाही.

तेव्हा सगळ्यात आधी हे ठरवा: अक्षरात राहतो तो आवाज कोणाच्या तोंडचा? लिहिणाऱ्याच्या की वाचणाऱ्याच्या? माझं मत असं. अक्षर लिहिणाऱ्याचा आवाज धरतं, आणि वाचणाऱ्याच्या तोंडून तो आवाज जेवढा जुळेल तेवढाच सुटतो. न जुळलेला भाग आत शिल्लक राहतो. तुमच्या गावात ‘पाणी’ कुणी म्हणत नाही, ‘पानी’ म्हणतात. बोरूकर बाहेर शिकून आलेला असेल तर त्यानं ण कोरला, गाव वर्षानुवर्षं न वाचत राहिलं, आणि दर वाचनाला ण चा थोडा वाटा दगडात साठत गेला. मग एक दिवस कुणी परगावचा माणूस येतो आणि जीभ नीट वळवून ‘पाणी’ वाचतो. साठलेलं सगळं मूर्धन्य एकदम सुटतं, आणि ते दगडमातीचं अक्षर आहे. विहिरीची बांधणी उकलेल. यात जादूला दोष देण्याची गरज पडत नाही, वाचकाला हिशेब दिसतो.

काजळी_डिंक:

मूर्धन्य यांचं शिलकीचं तत्त्व पक्कं आहे. मी साधनांचं सांगतो, कारण लिहिणं सोपं दाखवलं तर ‘सगळं गाव लिहीत का नाही’ हा प्रश्न सुटायचा नाही.

शाईचं प्रमाण वजनावर: काजळी १० ग्रॅम, बाभळीचा डिंक २० ग्रॅम, पाणी १०० ते १५० मिलिलिटर. काजळी तिळाच्या किंवा जवसाच्या तेलाच्या दिव्यावर मातीचं भांडं पालथं धरून गोळा करतात. डिंक रात्रभर भिजवून फडक्यानं गाळायचा, साल आणि कचरा राहिला तर बोरूच्या चिरेत अडकतो. मग खलात काजळी आणि डिंकाचं दाट पाणी एकत्र घोटायचं. इथं घाई करणाऱ्याची शाई फुकट जाते, कारण काजळी तेलकट असते, पाण्यावर तरंगते, आणि डिंकात पुरती मुरली नाही तर पानावर कण वेगळे आणि पाणी वेगळं पडतं. डिंक कमी झाला तर वाळलेलं अक्षर बोटाला लागतं. जास्त झाला तर अक्षर चकाकतं, पान दुमडलं की तडकतं. तुमच्या जगात तडकलेलं अक्षर म्हणजे आवाज गळणारं अक्षर.

दुसरी शाई हिरडा आणि हिराकस (लोखंडाचा क्षार) यांची. हिरड्याचा काढा आणि हिराकसाचं पाणी मिसळलं की काळं होतं, आणि हा रंग कागदाच्या धाग्यात शिरतो, पुसून जात नाही. दोष असा की हिराकस जास्त पडलं तर वर्षांनी अक्षराच्या जागी कागद जळल्यासारखा तपकिरी होऊन गळून पडतो, पानात अक्षराच्याच आकाराचं भोक उरतं. याचा उपयोग करा. जे अक्षर कुणी वाचलंच नाही त्याचा आवाज बाहेर पडायला अशी वाट काढतो.

कापडावर बिबा. धोबी कपड्यांवर खूण करायला बिब्याचं तेल वापरत, वर चुना लावला की खूण काळी पक्की होते, धुऊन जात नाही. मेळघाटच्या रानात बिब्याची झाडं आहेत, तेव्हा तुमच्या बोरूकराला लांब जायला नको. पण बिबा उततो. तेल कातडीला लागलं की फोड येतात, सूज येते, काहींना तर झाडाच्या नुसत्या संपर्कानंही त्रास होतो. बिब्यानं लिहिणाऱ्याचे हात कायम खराब असतील. किंमत म्हणून ‘आयुष्य कमी होतं’ वगैरे लिहिण्यापेक्षा ही जास्त खरी वाटते.

लिपी कोणती हेही ठरवा. मोडीत आधी पानभर शिरोरेषा आखून घेतात आणि बोरू शक्यतो न उचलता अक्षरं तिच्याखाली लिहीत जातात. तुमच्या जगात एक ओळ म्हणजे एक श्वास. ओळीत एक अक्षर चुकलं तर सगळी ओळ वाया. शिवाय मोडीत ऱ्हस्व-दीर्घाचा भेद पाळत नाहीत. ‘सूत’ आणि ‘सुत’ सारखेच दिसतात, ‘दिन’ आणि ‘दीन’ही. कापसाच्या मुलखात चरख्यावर सूत लिहायचं आणि वाचणाऱ्यानं मुलगा या अर्थानं ऱ्हस्व वाचायचं, यातून एक पूर्ण प्रकरण निघेल. देवनागरी सावकाश, तुटक, पण मात्रा पक्क्या. मोडी वेगवान आणि धोक्याची.

याहून जुनं हवं असेल तर विदर्भातल्या वाकाटक राजांचे ताम्रपट आहेत. ते तिथं बरेच मिळाले, वा. वि. मिराशी यांनी संपादित केले. त्यांतल्या अक्षरांच्या माथ्यावर चौकोनी पेटी असते, म्हणून त्या वळणाला पेटिकाशीर्षक म्हणतात. राणी प्रभावतीगुप्तेचा एक ताम्रपट अमरावती जिल्ह्यातल्या रिद्धपूरचा आहे. पत्रे भोकातून कडी घालून जोडलेले, कडीला मुद्रा. पेटी म्हणजे आवाज ठेवायची जागा आणि कडी म्हणजे कुलूप, इतकं जुळतं की फार सजवावंही लागणार नाही. कडी तोडल्याशिवाय पत्रे सुटे करून वाचता येत नाहीत.

आणि महानुभावांच्या सांकेतिक लिप्या विसरू नका. पंथाच्या पोथ्या सकळ, सुंदरी अशा लिप्यांत लिहिल्या गेल्या, ज्यांत अक्षरांची अदलाबदल असते आणि किल्ली ठाऊक असलेल्यालाच मजकूर उलगडतो. रिद्धपूर हे त्या पंथाचं मोठं स्थान. तुमच्या जगाला याचा सरळ प्रश्न आहे: क च्या जागी दुसरंच अक्षर लिहिलं, तर आत आवाज कोणता? लिहिणाऱ्याच्या मनातला असेल तर सांकेतिक लिपी हे सुरक्षित कोठार झालं, चोरानं वाचलं तरी काही सुटणार नाही. दिसणाऱ्या अक्षराचा असेल तर प्रत्येक सांकेतिक पान वाचताना भलतंच घडेल. मूर्धन्य यांचा नियम घेतला तर पहिलं उत्तर येतं, आणि तेच घ्या.

नागपूरजवळ जुनापाणीला महापाषाणकाळातली शिळावर्तुळं आहेत, काही दगडांवर वाटीसारख्या खळग्या कोरलेल्या. त्या खुणांचा आवाज आज कुणालाच ठाऊक नाही. कथेत अशी एखादी खूण दाखवायची तर ती मुकीच ठेवा, उगाच कुणा पात्राला वाचता येते असं करू नका.

खारपाणवाला:

दोघांचं वाचलं. भाषेचं चांगलं सांगितलं, पण विहिरीत खार किती आहे याचा हिशेब कुणीच केला नाही.

विहीर आतून ४ मीटर व्यासाची, पाणी ५ मीटर धरा. ते झालं सुमारे ६३ हजार लिटर. लिटरमागे २ ग्रॅम क्षार धरले तर विहिरीत सव्वाशे किलो क्षार विरघळलेले आहेत. पिण्याच्या पाण्यात लिटरला ५०० मिलिग्रॅमपर्यंत क्षार चांगले समजतात, दुसरी सोय नसेल तर २००० पर्यंत चालवून घेतात. म्हणजे ‘गोड’ करायला लिटरमागे दीड ग्रॅम काढायचा, सगळे मिळून ९४ किलो. जवळजवळ दोन पोती. अक्षर वाचल्याबरोबर ही दोन पोती जातात कुठं? तुमच्या जगात वस्तू नाहीशी होत असेल तर प्रश्नच मिटला, पण मग कथेतही दम राहणार नाही. वस्तू फक्त सरकते असा नियम ठेवा. पहिल्या वाचनाला खार विहिरीच्या भिंतीत जाईल, दुसऱ्याला धुऱ्यापलीकडच्या वावरात. शेजाऱ्याची जमीन पांढरी पडायला लागली की भांडण कोर्टात आपोआप जातं.

आणि एकदा गोड करून भागत नाही. खार विहिरीत नाही, जमिनीखालच्या पाण्यातच आहे. उपसा झाला की रातोरात तेवढंच खारं पाणी परत झिरपतं. म्हणून ‘गोडवा’ शब्द बरोबर, पण त्याच्यासाठी खार टाकायची कायमची जागा लागेल. पूर्णेच्या खोऱ्यात पूर्वी खाऱ्या विहिरींच्या पाण्यापासून मीठ काढत असत. विहिरीपासून उताराच्या बाजूला उथळ वाफे करा, तळ चिकणमातीनं चोपून घ्या, आणि बोरूकराला दुसरा शब्द त्या वाफ्याच्या दगडावर कोरायला लावा. खार वाफ्यात येईल, उन्हानं वाळेल, खरडून काढता येईल. पावसाळ्यात वाफा भरून वाहिला की सगळं मुसळ केरात, तेव्हा मृगाच्या आधी वाफा रिकामा करणं हे गावाचं काम.

खारपाणात जमीन बिघडते ती सोडियममुळे. मातीचे कण सुटे होतात, पाण्यानं वरचा थर चोपून बसतो, पाणी खाली मुरत नाही, हवा जात नाही. त्यावर जिप्सम टाकतात. जिप्सममधला कॅल्शियम सोडियमची जागा घेतो, आणि मग गोड पाण्यानं तो सोडियम खाली धुऊन जावा लागतो. म्हणजे नुसतं ‘सुपीक’ लिहून वावर सुधारणार नाही. आधी आत शिरणारा शब्द, मग धुऊन नेणारा शब्द, आणि मधे पाणी. क्रम उलटा केला तर पहिला शब्द वाया जातो.

अक्षर कोरायचं कशावर? विटेच्या बांधणीवर रंगानं लिहू नका. खाऱ्या ओलीत विटेला खार फुटतो. पाणी वाळताना विटेच्या छिद्रांत खाराचे स्फटिक वाढतात आणि वरचा पापुद्रा ढकलून काढतात, रंग एका हंगामात पोपडे होऊन पडतो. काळा पाषाण घ्या, आणि तो पूर्णेच्या गाळात मिळत नाही, बाहेरून आणावा लागेल. दगड उभा करताना काळी माती ध्यानात ठेवा. ही माती पावसात फुगते आणि उन्हाळ्यात हात जाईल एवढ्या भेगा पडतात. इतर ठिकाणी मुरूम लागेपर्यंत खणून पाया घेतात, इथं गाळ इतका खोल आहे की मुरूम हाती लागत नाही. रोवलेला दगड दर वर्षी थोडा कलतो. अक्षर कललं की वाचणाऱ्याची मान कलते आणि आवाज बदलतो, असं काही ठेवता येईल. नाहीतर दगड विहिरीच्या बांधणीतच बसवा.

एक गोष्ट मात्र पटली नाही. मूर्धन्य भाऊ, तुमच्या मांडणीत गावाचं ‘पानी’ ही चूक ठरते आणि साहेबाचं ‘पाणी’ बरोबर. काहून? वऱ्हाडीत डोळ्याचा डोया होतो, काळ्याचा काया होतो, शाळेची शाया होते, विहिरीची इहीर होते. हा तिथला नियम आहे, लोक सगळीकडे सारखाच पाळतात. गावातच वाढलेला बोरूकर ‘पानी’च कोरेल आणि शिल्लक शून्य राहील. दोष यायचा तर ण शिकवणाऱ्या शाळेतून येऊ द्या, गावाच्या जिभेतून नको.

मूर्धन्य:

खारपाणवाला, तुमचं बरोबर आहे. शिल्लक साठते ती लिहिणारा आणि वाचणारा यांच्यातल्या अंतरामुळे, कोण शुद्ध आणि कोण अशुद्ध याचा संबंध नाही. परगावच्या माणसानं गावकऱ्यानं लिहिलेलं ‘पानी’ ण लावून वाचलं, तर त्याच्याही वाचनातून शिल्लकच राहील. गावातल्या जुन्या, वऱ्हाडीत लिहिलेल्या अक्षरांत काहीच साठलेलं नाही आणि शाळा आल्यानंतरच्या अक्षरांत साठत चाललं आहे, असा भेद दाखवा.

बोडीकाठ:

पूर्व विदर्भाकडून थोडं. झाडीबोलीत ळ चा र होतो, डोळ्याचा डोरा. ण नाही, श-ष नाहीत, स आहे. म्हणजे एकच ळ पूर्णेकाठी य म्हणून सुटतो, वैनगंगेकाठी र म्हणून. य तालव्य, र मूर्धन्य. एकाच दगडाची नक्कल दोन जिल्ह्यांत नेली तर परिणाम दोन होतील. बोरूकरांना गाव बदलून काम करता येत नाही, याचं कारण इथं मिळतं, आणि सगळं गाव का लिहीत नाही याचंही अर्धं उत्तर: दुसऱ्याच्या तोंडचा उच्चार वर्षानुवर्षं ऐकल्याशिवाय त्याच्यासाठी लिहिता येत नाही.

गोंडीचा विचार केला का? गोंडी भाषेसाठी स्वतंत्र लिप्या आहेत. मुन्शी मंगलसिंह मसराम यांनी १९१८ साली तयार केलेली एक, आणि आदिलाबादकडच्या गुंजाळा गावातल्या हस्तलिखितांत मिळालेली दुसरी. युनिकोडमध्ये दोन्ही वेगवेगळ्या आहेत. तुमच्या जगात देवनागरी ही एकच ताकदीची लिपी ठेवू नका. ज्या लोकांची भाषा पिढ्यान्‌पिढ्या तोंडीच राहिली, त्यांच्याकडे शिल्लक नसलेला आवाज आहे, हे त्यांचं बळ समजा.

पोळ्याला बैलांपुढे झडत्या, म्हणजे लोककवनं, म्हणतात, त्या तोंडोतोंडी चालतात. त्या कुणी लिहायला काढल्या की गावातले म्हातारे विरोध करतात, एवढा एक प्रसंग जरूर घ्या. कारण तुमच्या नियमाप्रमाणे लिहिलेली झडती बैलाच्या अंगावर उठेल.

धुरेकरी:

सर्वांचे मनापासून आभार. इतकं मिळेल असं वाटलं नव्हतं. आता असं ठरवतो. जुना बोरूकर शहरात शिकून आला आणि ‘गोड पाणी’ कोरून गेला. गाव ‘पानी’ वाचत राहिलं, ण साठला. त्याच्या नातीला हे कळतं. तिला स्फोट न होऊ देता ते काढून ‘गोडवा’ करायचं आहे, खार टाकायला वाफाही करायचा आहे. दगड बांधणीत बसवलेला, काळा पाषाण, अक्षरं अर्धा पेर खोल. खोडायचं कसं?

काजळी_डिंक:

पोथीत चुकलेल्या अक्षरावर हरताळ लावत. पिवळा खनिज रंग, डिंकात कालवून अक्षरावर फासायचा, वाळला की त्यावर नवं लिहायचं. हरताळ फासणे हा वाक्प्रचार त्यातूनच आला. पण हरताळाखाली जुनं अक्षर तसंच असतं, तुमच्या जगात ते आवाज धरूनच राहील. दगडावर तर हरताळाचा उपयोगच नाही. टाकीनं, म्हणजे छिन्नीनं, पृष्ठभाग अक्षराच्या तळापर्यंत उतरवावा लागेल.

त्याआधी शिल्लक काढा, नाहीतर टाकीच्या पहिल्याच घावाला ण सुटेल. मूर्धन्य, हे कसं करावं?

मूर्धन्य:

कुजबुजून. कुजबुजताना गळ्याचे पडदे थरथरत नाहीत, सगळी घोष अक्षरं घोष सोडतात. जीभ ण च्या जागीच लागते, पण टिकाऊपणा निघून जातो. म्हणजे साठलेलं मूर्धन्य सुटेल आणि लगेच संपेल. नातीनं आधी ण म्हणायला शिकावं, जीभ मागे वळवून, ‘बाण’, ‘कण’, ‘कोण’ या शब्दांवर. मग दिवसाला एकदा दगडासमोर फक्त ‘पाणी’ कुजबुजावं, ‘गोड’ला हात लावू नये. त्या वेळी विहिरीत कुणी उतरलेलं नसावं. बांधणीच्या सांध्यांत चुना भरून खूण करून ठेवावी. कुजबुजल्यावर खुणेला तडा जातो तोवर शिल्लक आहे, ओळीनं काही दिवस खूण शाबूत राहिली की झालं.

कोरीव काम मात्र काजळी_डिंक यांनीच सांगावं.

काजळी_डिंक:

‘गोड’ खोडायचंच नाही, ते तसंच ठेवा. ‘पाणी’ मागून पुढे काढत या: आधी णी, मग पा, दोन्ही एकाच दिवशी. पा आधी काढला तर ण एकटा राहतो, आणि कुजबुजून रिता केला असला तरी एकटा ण दगडात ठेवू नये. जागा सपाट झाली की तिथं ‘वा’ कोरा. ‘गोडवा’ तयार.

चूक व्हायची ती इथं. ‘पाणी’ची जागा अर्धा पेर खाली गेलेली असणार, म्हणून ‘ड’वरची शिरोरेषा आणि ‘वा’वरची शिरोरेषा वेगवेगळ्या पातळीवर येतात आणि मधे पायरी पडते. शिवाय ‘गोड पाणी’ हे दोन शब्द आहेत, मधली मोकळी जागा मुळात कोरलेलीच नाही. ती तशी राहिली तर दगड ‘गोड वा’ असा वाचला जाईल. वा म्हणजे वारा, आणि ओष्ठ्य अक्षर असल्यानं तो पाण्याच्या वरच्या थरावरच फिरेल, खाली खार जागचा हलणार नाही. तेव्हा ‘ड’च्या रेषेपासून उतरती खाच घेत ती ‘वा’च्या रेषेला नेऊन मिळवा, ‘वा’ शक्य तितका ‘ड’जवळ कोरा, आणि रेषा जोडली जाईपर्यंत दगडावर ओलं पोतं झाकून ठेवा, म्हणजे येताजाता कुणी वाचणार नाही.